विमलाबाईची पत्रिका

चिन्मयच्या लग्नाला दहा दिवस उरले होते तेव्हा त्याची परदेशातली पाहुणी बालाघाटात येऊन पोचली, आणि आल्या आल्या तिनं जो प्रश्न विचारला तो त्या घरात आजवर कोणीच विचारला नव्हता.

गाडी फाटकाशी थांबली. चिन्मयचे वडील, गुणाकर साहेब, हार घेऊन उभे होते. त्याच्या आईच्या, अलकनंदाताईंच्या, हातात औक्षणाचं तबक होतं आणि स्वागताचं इंग्रजी वाक्य त्यांनी सकाळपासून तीनदा म्हणून पाहिलं होतं. गाडीतून उतरली ती एक ठेंगणी, रुंद हाडाची, लालबुंद गालांची साठीतली बाई. डोक्याला फुलाफुलांचा रुमाल आणि पायात जाड बूट. तिनं हार घालून घेतला, कपाळाला कुंकू लावून घेतलं, हात जोडले, इकडेतिकडे नजर फिरवली आणि म्हणाली, "विमलाबाई कोठी हाय?"

विमलाबाई स्वयंपाकघराच्या दारात पदराला हात पुसत उभी होती. तिला आधी वाटलं, आपल्या कानांनीच काहीतरी घोटाळा केला. या घरी स्वयंपाकाला लागून तिला एकोणीस वर्षं झाली होती. राजेगावहून सकाळी सहाच्या बसनं यायचं आणि दुपारी चारच्या बसनं परत जायचं, हा तिचा नेम. एवढ्या वर्षांत कितीतरी पाहुणे आले, जेवले, स्वयंपाकाची तारीफ करून गेले. पण फाटकातच तिचं नाव घेणारं माणूस हे पहिलंच. त्यातही बोली तिचीच, घरची.

अलकनंदाताईंच्या घरात ही बोली चालत नसे. साहेब पाटबंधारे खात्यातून मोठ्या हुद्द्यावरून निवृत्त झालेले, ताईंचं बोलणं पुस्तकातल्यासारखं नीटनेटकं. चिन्मय नऊ वर्षांचा असताना एकदा "मले भूक लागली" म्हणाला, तर त्याला ते वाक्य पाच वेळा सुधारून म्हणावं लागलं होतं. त्यानंतर तो तसं फक्त स्वयंपाकघरात बोलायचा, विमलामावशीपाशी. पुढे तो डॉक्टरी शिकायला बिश्केकला गेला आणि ती बोलीही बरोबर घेऊन गेला. तिथं ज्या बाईच्या घरी तो सहा वर्षं राहिला, तिनं ती त्याच्याकडून जशीच्या तशी उचलली. ही बोली वेगळी आणि हिंदी वेगळी, याचा तिला पत्ताच नव्हता. नागपूरच्या विमानतळावर तपासणीवाल्या साहेबाला ती "काहून थांबवून राह्यले?" म्हणाली, आणि तो पोट धरून हसला, असं चिन्मयनं घरात शिरता शिरता सांगितलं.

तिचं नाव गुलनारा. चिन्मय तिला आपा म्हणायचा. त्यांच्याकडे आईला तसं म्हणतात, हेही त्यानं सांगितलं, तेव्हा ताईंनी तबकातलं निरांजन उगाच सरळ केलं.

दुसऱ्या दिवशी विमलाबाई पोचली तेव्हा आपा स्वयंपाकघरात कांदे चिरत बसली होती. ताई दारात उभ्या राहून तिला बाहेर बसायची विनंती करत होत्या आणि आपा हसून मान हलवत होती, पण सुरी सोडत नव्हती. विमलाबाईला पाहताच तिनं सरकून जागा केली आणि पाटवडी करू या म्हणाली.

मग एक गुपित फुटलं. बिश्केकला असताना चिन्मय दर आठ-पंधरा दिवसांनी विमलाबाईला फोन करायचा. मावशी, बेसन किती वेळ घोटू, रश्श्यात खोबरं भाजून घालू का कच्चं, असं विचारत राहायचा. बाबू हातानं करून खाऊन राह्यला म्हणून विमलाबाईला मोठं कौतुक वाटायचं. खरं तर बाबू फोन धरून उभा असायचा आणि शेगडीपाशी असायची ती आपा. आता तिनं ताटाला तेल लावून बेसन थापलं, खसखस-खोबरं भुरभुरलं आणि सुरीला तेल लावून शंकरपाळ्यासारख्या वड्या कापल्या, तेव्हा विमलाबाई बघतच राहिली. कडेच्या वेड्यावाकड्या तुकड्यांचं काय करायचं तेही आपाला माहीत होतं. ते तिथंच उभ्या उभ्या खायचे असतात. दोघींनी मिळून ते खाल्ले.

ताईंची अडचण वेगळीच होती. चिन्मयनं सांगितलं होतं की आपा शाळेत भौतिकशास्त्र शिकवायची. ताईंनी नातेवाइकांना सांगताना तिला प्रोफेसर करून टाकलं. मग जबलपूरहून साहेबांची बहीण, सीताआत्या, आली आणि तिनं आपाला सरळच विचारलं की तुम्ही काय करता. आपानं आनंदानं सांगितलं की ती खोल्या भाड्यानं देते, पोरांना जेवू घालते आणि फरशी पुसते. सीताआत्यानं विषय बदलला. रात्रीच्या जेवणानंतर तिनं ताईंना बाजूला घेऊन विचारलं की लग्नात या बाईला व्याह्यांच्या टेबलावर बसवायचं ठरलंय, ते तसंच ठेवायचं का. ताई 'बघू' म्हणून झोपायला गेल्या. पण दुसऱ्या दिवशी सकाळी भांडी जरा जास्तच आपटत होत्या, आणि त्या भांड्यांना हात लावायचा हा त्यांचा कित्येक महिन्यांतला पहिला दिवस होता.

त्या दुपारी आपा आणि विमलाबाई मागच्या अंगणात उन्हात मटार सोलत बसल्या. विमलाबाईनं विचारलं की मास्तरीण होती तर मग खानावळ काहून? आपानं सगळं सांगितलं. अर्धं हिंदीत, अर्धं बोलीत, आणि शब्द अडला की हातवारे करून.

ती ज्या इमारतीत राहायची तिथं कारखान्याचा डायरेक्टर तिसऱ्या मजल्यावर आणि त्याचा ड्रायव्हर दुसऱ्या मजल्यावर राहायचा. खोल्या सगळ्यांच्या सारख्या. पगारातही फार अंतर नव्हतं. एकमेकांना हाक मारायला सगळ्यांना एकच शब्द होता, साथी. डायरेक्टर साथी, ड्रायव्हर साथी, शाळेत झाडू मारणारी बाईही साथी. मग एका वर्षी देशच मोडला. नकाशाचे तुकडे झाले आणि सहा-सहा महिने पगार येईना. एकदा पगाराऐवजी पिठाची पोती मिळाली, ती बर्फातून ओढत नेली. सरकारनं कारखाना सगळ्यांचा आहे म्हणून प्रत्येकाला हिश्शाचा एकेक कागद वाटला. लोकांना कागद खाता येत नव्हता. आपानं आपला कागद बटाट्यांच्या पोत्यावर देऊन टाकला, इतरांनीही तसंच काही केलं. ते सगळे कागद फिरत फिरत डायरेक्टरच्या कपाटात गेले आणि कारखाना त्याचा झाला. आता तो शहराबाहेर उंच भिंतीच्या आत राहतो. त्याच्या घरी काम करणाऱ्या दोघींपैकी एक, आपाबरोबर शाळेत रसायनशास्त्र शिकवायची.

विमलाबाईच्या हातातली शेंग तशीच राहिली. तिच्या डोक्यात मोठी माणसं मोठ्याच घरात जन्मायची आणि लहान लहान घरात. मास्तरीण खाली येऊ शकते, एका हिवाळ्यात येऊ शकते, हे तिच्या कधी मनातच आलं नव्हतं.

"आधी सगळे सारखे होते म्हणता," ती म्हणाली, "मंग बरं होतं ना ते."

आपा हसली. "साथीची ब्रेड समोरच्या दुकानातून," ती म्हणाली, "डायरेक्टर साथीची ब्रेड मागच्या दरवाजातून. शब्द एक होता. दरवाजे दोन होते."

मग तिनं त्या झाडूवाल्या बाईचं सांगितलं. बारा वर्षं ती बाई आपाचा वर्ग झाडायची आणि आपा रोज सकाळी तिला साथी म्हणायची. तिचं घर कुठे, घरी कोण, हे कधी विचारलं नाही. देश मोडल्यावर त्याच बाईनं बाजारात चपलांचं दुकान टाकलं आणि ते चाललं. एका सकाळी आपा तिचं घर शोधत शोधत गेली, आपली पुस्तकं विकायला दुकानाचा एक कोपरा मागायला. त्या बाईनं दार उघडलं आणि आधी चहा दिला.

"मले लाज वाटली," आपा म्हणाली. "कोपरा मागायची नाई. बारा वर्षं उशिरा गेली, त्याची."

तिनं रुमालाच्या टोकानं नाक पुसलं, दोन मटार तोंडात टाकले आणि पिशवीतून आपली लग्नपत्रिका काढली. जाड कागद, सोनेरी कडा, वर गणपती. ती पत्रिका बिश्केकला पोस्टानं गेली होती. सगळ्या शेजाऱ्यांना दाखवून झाल्यावर ती जपून परत घेऊन आली होती. तिनं पत्रिकेवरून बोट फिरवलं आणि विचारलं, "तुही पत्रिका कोठी हाय?"

विमलाबाई म्हणाली की तिला पत्रिका कशाला लागते, ती तर घरचीच.

आपानं आपली पत्रिका पिशवीत ठेवली. "घरची," ती म्हणाली. "हौ. साथी." आणि पुन्हा मटार सोलायला लागली.

चारच्या बसमध्ये विमलाबाईला खिडकीची जागा मिळाली, पण बाहेर काय गेलं ते तिला दिसलं नाही. चारशे पत्रिका तिनंच दिवाणखान्यात बसून पाकिटात भरल्या होत्या. हळदी-कुंकवाचं बोट तिनंच लावलं होतं. दूधवाल्याच्या नावाची होती, इस्त्रीवाल्याच्या नावाची होती. तिच्या नावाची नव्हती, आणि ते तिला स्वतःलाच आजवर जाणवलं नव्हतं. लग्नाच्या दिवशी वरच्या खोल्यांतल्या पाहुण्यांचा चहा आणि अंघोळीचं पाणी तिच्याकडे, हे ताईंनी महिन्याभरापूर्वीच ठरवून टाकलं होतं. तिलाही त्यात वावगं वाटलं नव्हतं. राग आला म्हणावं तर रागही नव्हता. नवीन चपलेचा पट्टा जसा चालताना थोडा थोडा टोचत राहतो तसं काहीतरी झालं होतं.

घरी डोमाजी अंगणात पोती शिवत होता. तीन एकरांतलं धान नुकतंच घरात आलं होतं, यंदा पिकलंही चांगलं होतं आणि गडी खुशीत होता. तिनं त्याला सगळं सांगितलं, पत्रिकेसकट. डोमाजी कमी बोलणारा माणूस. त्यानं पोत्याची शिवण पुरी केली, दाभण कुडाला खोचली आणि म्हणाला, "आपणच पहिले बोलावू. केळवण कर."

लग्नाआधी नवऱ्यामुलाला जेवायला बोलवायचं ते केळवण. नातेवाईक करतात, शेजारी करतात. कामवालीनं केल्याचं विमलाबाईनं ऐकलं नव्हतं. ते ऐकून लेकीनं कपाळाला हात लावला. लेकीचं नाव खुशी, बालाघाटला कॉलेजात बीएस्सीच्या दुसऱ्या वर्षाला. आई काय करते ते तिनं मैत्रिणींना जरा घोळवून सांगितलेलं होतं. "मम्मी, वो लोग अपने घर में कहाँ बैठेंगे?" एवढंच ती म्हणाली. विमलाबाई म्हणाली, जमिनीवर बसतील, जमीन चांगली सारवलेली आहे.

दुसऱ्या दिवशी ती कुंकवाची डबी आणि अक्षता घेऊनच कामावर गेली. चहा द्यायच्या आधी ताईंना कुंकू लावलं, साहेबांच्या आणि चिन्मयच्या हातावर अक्षता ठेवल्या, आपाला दोन्ही केलं, आणि रविवारी दुपारी राजेगावला केळवणाला या म्हणून सांगितलं. चिन्मयनं तिथल्या तिथं तिला मिठीच मारली. साहेब म्हणाले, नक्की येऊ. ताई म्हणाल्या की अगं, उगाच कशाला खर्चात पडतेस, शिवाय रविवारी देवश्रीच्या घरचे गोंदियाहून येण्याचं चाललंय. देवश्री ही नवरीमुलगी. ते लोक रविवारी येणार नाहीत, सोमवारी येतील, असं चिन्मयनं लगेच सांगितलं. ताईंना दुसरं कारण पटकन सुचलं नाही.

रविवारी बाराला गाडी राजेगावात शिरली आणि परदेशी बाई बघायला अर्धी गल्ली विमलाबाईच्या अंगणात जमली. आपानं उतरताच सगळ्यांना रामराम केला आणि एका म्हातारीला विचारलं की तिची तब्येत काहून खराब दिसून राह्यली. म्हातारीनं तिला दहा मिनिटं गुडघ्यांची हकिकत सांगितली. आपा त्या गुडघ्यांवर हात ठेवून ऐकत बसली.

ताई शेवटी उतरल्या. हातात मिठाईचा डबा होता. दारात त्या क्षणभर थबकल्या, कारण दाराला लावलेला निळ्या वेलबुट्टीचा पडदा त्यांच्याच बैठकीतला होता. पाच वर्षांपूर्वी त्यांनी तो टाकायला दिला होता. विमलाबाईनं त्याचं फाटलेलं काढून, कडा दुमडून, नवी झालर लावून तो असा बसवला होता की मूळचाच या दाराच्या मापाचा वाटावा. ताईंनी कापडाला हात लावून पाहिला आणि आत आल्या.

पाटांभोवती रांगोळी काढली होती. घरात खुर्च्या दोन, त्यामुळे कोणी कोणी बसायचं हा प्रश्नच आला नाही, सगळे खाली बसले. साहेबांचे गुडघे दुखतात, तरी तेही बसले आणि उठताना दोर लावून उठवावं लागेल असं डोमाजीला आधीच सांगून ठेवलं. चिन्नोर तांदळाचा भात असा घमघमत होता की गल्लीतल्या कुत्र्यानंही दारात मुक्काम ठोकला. वर लाखोरीची डाळ, पाटवडीचा रस्सा, भरीत, तांदळाची खीर. विमलाबाईनं चिन्मयला ओवाळलं, शर्टाचं कापड दिलं, आपाच्या ओटीत खण घातला आणि वाढायला लागली.

बोलणं कमी आणि खाणं जास्त चाललं होतं. ताई आधी अंग चोरून बसल्या होत्या, मग रस्सा चाखला, मग भाताचा घास घेतला आणि खांदे सैल झाले. विमलाबाई भाताचं पातेलं घेऊन आली आणि त्यांना आणखी वाढू का म्हणून विचारलं.

"हौ," ताई म्हणाल्या, "पण थोडासाच घाल वं."

साहेबांचा घास हातातच राहिला. चिन्मयनं आईकडे पाहिलं. ताईंच्याही ते लक्षात आलं आणि त्या कानापर्यंत लाल झाल्या. कितीतरी वर्षांत असा शब्द त्यांच्या तोंडून कोणी ऐकला नव्हता. साहेब हसत हसत म्हणाले की ती हिची वारासिवनीची आजी बोलली. मग ताईंनीच सांगितलं. तहसिलीत कारकून असलेले वडील, दोन खोल्यांत नऊ माणसं, आणि आजी अशीच जमिनीवर बसवून वाढायची. लग्न होऊन साहेबांच्या घरी आल्या तेव्हा सासूबाईंनी पहिल्याच दिवशी त्यांचं बोलणं सुधारायला घेतलं होतं. सांगताना त्या हसत होत्या, पण मधेच त्यांनी भात कालवायचं थांबवलं होतं.

जेवण झाल्यावर आपाला कोपऱ्यात खुशीची वही दिसली. भौतिकशास्त्राची गणितं होती, दोन आठवड्यांपासून अडलेली. खुशी वही काढून घ्यायला धावली, पण आपा पेन्सिल शोधायला लागली होती. फिरत्या चाकाचा आणि दोराचा प्रश्न होता. आपानं वही बाजूला ठेवली, खुशीला हाताला धरून अंगणातल्या विहिरीवर नेलं, बादली सोडायला लावली, वर ओढायला लावली, मधेच थांबवलं आणि विचारलं की आता हाताला काय होऊन राह्यलं. अर्ध्या तासानं खुशी परत आली ती धावतच. "मम्मी, दो हफ्ते से नहीं समझ रहा था," ती म्हणाली, "इन्होंने बाल्टी से समझा दिया."

निघायची वेळ झाली. साहेबांना डोमाजीनं आणि चिन्मयनं मिळून उठवलं. ताई गाडीपाशी गेल्या आणि नेहमीच्या आवाजात म्हणाल्या की आता उद्यापासून पाहुणे वाढतील, जरा लवकर ये, आणि लग्नाच्या दिवशी वरच्या मजल्याचा चहा तुझ्यावर, ते विसरू नकोस.

विमलाबाई सवयीनं 'हो' म्हणणारच होती. पण डोमाजी मागे उभा होता, आणि पुढे गाडीत बसलेली आपा काचेतून बघत होती.

"ताई, लग्नाच्या आदल्या दिवसापर्यंत मी रोज येईन, पायजे तितकं काम करीन," ती म्हणाली. "पण लग्नाच्या दिवशी मी कामाले नाई येणार. बाबूच्या लग्नात मी पाहुणी म्हणून येईन. पत्रिका द्याल तं."

 साहेबांना एकाएकी रस्त्यापलीकडच्या झाडाविषयी कुतूहल वाटू लागलं. ताई "बरं" एवढंच म्हणाल्या आणि गाडीत बसल्या.

पुढचे दोन दिवस कठीण गेले. ताई कामापुरतंच बोलत होत्या. आपलं काम गेलं असं विमलाबाईनं मनाशी धरून टाकलं. बसमध्ये ती दुसऱ्या घरांची नावं आठवत राहायची. तरी आश्चर्य असं की बोललेल्याचा पस्तावा तिला होत नव्हता. उलट पोळ्या लाटताना मधेच हसू यायचं आणि ते कोणाला दिसू नये म्हणून ती तोंड फिरवायची.

तिसऱ्या दिवशी सकाळी दिवाणखान्यात कपाटं उघडल्याचे, खोकी ओढल्याचे आवाज येऊ लागले. पत्रिका संपल्या होत्या. चारशेच्या चारशे वाटून झाल्या होत्या. साहेब म्हणाले की फोनवर फोटो पाठवून देऊ, हल्ली तसंच करतात, तर ताई त्यांच्यावर अशा खेकसल्या की ते पेपर घेऊन बागेत गेले. शेवटी ताईंना घरच्या अल्बमसाठी जपून ठेवलेली एक पत्रिका आठवली. ती त्यांनी काढली, पाकिटावर आपल्या सुरेख अक्षरात लिहिलं आणि कुंकवाची कोयरी घेऊन स्वयंपाकघरात आल्या.

विमलाबाईनं हात धुऊन पत्रिका घेतली. पाकिटावर लिहिलं होतं, श्री. डोमाजी व सौ. विमलाबाई, सहपरिवार.

"डोमाजींना आणि खुशीला घेऊन नक्की या," ताई म्हणाल्या.

एकोणीस वर्षांत त्या तिला 'ये' म्हणत आल्या होत्या. 'या' हा शब्द त्यांनाही नवीन होता, जिभेवर नीट बसला नाही. कुंकू लावून झाल्यावर त्या दोन पावलं गेल्या, परत वळल्या आणि म्हणाल्या, "आता जरा आल्याचा चहा टाक, डोकं चढलंय." विमलाबाईनं चहा टाकला. दोन कप जास्तीचे टाकले. आपाही आली, आणि तिघी स्वयंपाकघरातच उभ्यानं चहा प्यायल्या.  पिता पिता ताईंनी सांगितलं की आपाची खुर्ची व्याह्यांच्या टेबलाशीच राहील, आणि सीताआत्याला गैरसोय होत असेल तर तिच्यासाठी दुसरं टेबल आहे.

लग्नाच्या दिवशी विमलाबाई डोंगरी हिरव्या रंगाची साडी नेसून, डोमाजी आणि खुशीला घेऊन आली. मंडपाच्या दारात कोणीतरी तिच्या अंगावर गुलाबपाणी शिंपडलं. ते नेहमी पाहुण्यांवर शिंपडतात हे तिला माहीत होतं, तरी ती दचकली. आपाला तिनंच सकाळी साडी नेसवली होती, सतरा पिना लावून, आणि आपा त्या साडीत जपून जपून चालत होती.

चहा वाईट होता. केटररच्या माणसांनी तो गोड पाण्यासारखा केला होता आणि सगळे पाहुणे नाक मुरडत होते. विमलाबाईनं मात्र खुर्चीवर बसून पूर्ण कप संपवला, आणि दुसरा मागितला. तो पिताना सीताआत्या घाईघाईनं आली आणि सवयीनं म्हणाली की विमलाबाई, वर जरा गरम पाणी पाठव. विमलाबाई उठायलाच लागली होती. पाय आपोआप निघाले होते. मग ती परत बसली.

"आज मी पाहुणी आहो आत्याबाई," ती म्हणाली. "त्या तिकडच्या पोराइले सांगा, ते आणतील."

सीताआत्यानं तिच्याकडे पाहिलं, तिच्या साडीकडे पाहिलं, आणि तिकडच्या पोरांकडे गेली. डोमाजीनं पुढ्यातल्या जिलेबीचा तुकडा मोडून बायकोच्या बशीत ठेवला.

लग्न लागलं. फोटोच्या वेळी चिन्मयनं आई, मावशी आणि आपा, तिघींना एकदमच वर बोलावलं. देवश्री सगळ्यांच्या पाया पडली. फोटोवाला उंचीप्रमाणे उभ्या राहा म्हणाला, तर विमलाबाई मधे आली.

आपा डिसेंबर लागायच्या आत परत गेली. विमलाबाईनं त्या घरचं काम सोडलं नाही. पगार ताईंनी थोडा वाढवला. रविवारची सुट्टी मात्र तिनं स्वतः मागून घेतली, एकदाच मागितली आणि मिळाली. ताई अजूनही तिला बहुतेक वेळा 'ये'च म्हणतात. घाईत असल्या की म्हणतात 'ये वं', आणि तेव्हा मग त्यांना आपण काय बोललो ते कळतही नाही.

रविवारी सकाळी दहाला खुशी वही घेऊन अंगणात बसते. बिश्केकला तेव्हा साडेदहा वाजलेले असतात. फोनवर आपा दिसते, डोक्याला रुमाल, मागे खिडकीत बर्फ. खुशीच्या दोन मैत्रिणीही आता वारासिवनीहून बसनं येतात. आईचं काम काय, ते खुशीनं त्यांना सांगून टाकलंय, आणि त्या आल्या की आधी पाटवडी आहे का विचारतात. परवा फोन सुरू झाला तर पडद्यावर आपाच्या शेजारी आणखी एक बारीकशी, पांढऱ्या केसांची बाई खुर्ची ओढून बसत होती. ही आपली मैत्रीण, आपा म्हणाली, हिला रविवारी सुट्टी असते. रसायनशास्त्राचं कोणाचं काही अडलं असेल तर विचारा. ती बाई जरा लाजली, चष्मा लावला आणि आपानं शिकवलेला एकुलता एक शब्द म्हणाली, "हौ."

तिन्ही पोरींनी एकदमच पिशव्यांतून दुसरी वही काढली, आणि विमलाबाई पाटवडीचं बेसन घोटायला आत गेली.